कोळसा कमी पडला आणि ‘गेरसप्पा’ बुडाली

जोगच्या धबधब्याला पूर्वी गेरसप्पाही म्हणत. त्याच नावाची ही मालवाहू आगबोट 1919 सालची, लांबी 412 फूट, मालक ब्रिटिश इंडिया स्टीम नेव्हिगेशन कंपनी. डिसेंबर 1940 मध्ये कलकत्त्याहून निघताना तिच्या पोटात चहा, बिडाचे ठोकळे, चांदीच्या लगडी आणि टपालाच्या थैल्या होत्या.

पश्चिम आफ्रिकेतल्या फ्रीटाउन बंदरातून ती मालवाहू बोटींच्या ताफ्याबरोबर निघाली. ताफ्याचा वेग 8 नॉट, म्हणजे तासाला 8 सागरी मैल. पण समोरून वारा आणि उसळता समुद्र, त्यात कोळसा भराभर संपू लागला. 14 फेब्रुवारी 1941 ला तिने ताफा सोडला आणि 5 नॉटने आयर्लंडमधल्या गॉलवेची वाट धरली. वेग का उतरवायचा? इंजिनाला लागणारी शक्ती साधारण वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. 8 वरून 5 नॉटवर आलं की शक्ती पाव भागावर येते. वेळ दीडपटीहून थोडा जास्त लागतो, तरी दर मैलाला कोळसा आधीच्या 40 टक्केच लागतो. हे शांत समुद्रातलं गणित. वाऱ्याचा विरोध काही कमी होत नाही. शिवाय एकटी, संथ बोट म्हणजे पाणबुडीला आयतं सावज.

16 फेब्रुवारीच्या रात्री यू-101 या जर्मन पाणबुडीचा टॉर्पेडो उजव्या कुशीत, माल ठेवायच्या दोन नंबरच्या खणाला लागला. पुढची डोलकाठी कोसळली, तिच्यासोबत वायरलेसची तार तुटली आणि मदतीचा संदेश गेलाच नाही. बीड वजनाने फार, जागेने थोडं. असा माल भरला की बोट जड होते, पण खणात पोकळी उरते. तिथे पाणी शिरलं की तरंगशक्ती झपाट्याने जाते. सुमारे 20 मिनिटांत ती बुडाली. ऐंशीहून अधिक माणसांपैकी एकच अधिकारी वाचला, तोही होडीत 13 दिवस काढून इंग्लंडमधल्या कॉर्नवॉलच्या किनाऱ्यापाशी पोचल्यावर.

2011 मध्ये सोनार यंत्राने (ध्वनिलहरींनी समुद्रतळ धुंडाळणाऱ्या) तिचा सांगाडा 4,700 मीटर खोलीवर सापडला, टायटॅनिकपेक्षाही जवळपास एक किलोमीटर खाली. दर चौरस सेंटिमीटरवर जवळजवळ अर्धा टन दाब! तिथे पाणबुड्या माणसाचं काम नाही. दूरनियंत्रित यंत्रांनी 2012 आणि 2013 मध्ये मिळून 2,792 लगडी वर काढल्या, प्रत्येकी साधारण 35 किलोच्या.

आमच्या मते त्याहून नवलाची होती ती पत्रं, सातशेहून अधिक. कागद समुद्रात सत्तर वर्षं टिकतो कसा? मालाखाली दबलेल्या गठ्ठ्यात उजेड नाही, पाणी हलत नाही, थंडी कडाक्याची आणि प्राणवायू जवळपास शून्य. कागद कुजवणाऱ्या जिवाणूंना तिथे काम करणंच कठीण. वर काढल्यावर मात्र ओला गठ्ठा तसाच सुकू दिला तर पानं एकमेकांना चिकटून बसतात. म्हणून ती ओली असतानाच अलगद सुटी करावी लागतात.