तेलुगू चित्रपटांतील नृत्यदिग्दर्शक

तेलुगू चित्रपटांतील गाण्यांचा नाच बसवणारा, तो कलाकारांना शिकवणारा आणि बहुतेक वेळा गाण्याचे चित्रीकरणही स्वतःच पार पाडणारा तंत्रज्ञ. श्रेयनामावलीत तो ‘नृत्य दर्शकुडु’ किंवा ‘कोरिओग्राफर’ असतो. सेटवर मात्र ‘मास्टर’. हा शब्द पुढे नावालाच चिकटतो : शिवशंकर मास्टर, राकेश मास्टर, शेखर मास्टर. बाई असली तरी मास्टरच. बृंदा मास्टर, तारा मास्टर. मुंबईत सरोज खान ‘मास्टरजी’ होत्या, त्याच वळणाचा हा प्रकार.

या व्यवसायाचा उगम कृष्णा जिल्ह्यातील कुचिपुडी या गावात शोधावा लागतो. तेथील भागवतुलु, म्हणजे पिढीजात नृत्यनाट्य करणाऱ्या, घराण्यांत ते ही परंपरेने पुरुषांची कला होती. सत्यभामेची भूमिकाही पुरुषच करीत. मद्रासला तेलुगू बोलपट तयार होऊ लागले तेव्हा याच गावातले तरुण स्टुडिओंत पोहोचले. वेदांतम राघवय्या (१९१९–१९७१) हे त्यांतले ठळक नाव. गूडवल्ली रामब्रह्मम यांच्या ‘रैतुबिड्ड’ (१९३९) या चित्रपटात ते नाचले, नंतर नृत्यदिग्दर्शक झाले आणि पुढे थेट दिग्दर्शक. १९५३ चा ‘देवदासु’ त्यांचाच. नाच बसवता बसवता दिग्दर्शकाच्या खुर्चीत जाऊन बसायची वाट तेव्हापासून मळलेली आहे. प्रभुदेवा, लॉरेन्स, अम्मा राजशेखर ही नंतरची मंडळी तिच्यावरूनच गेली.

कुचिपुडीच्या पसुमर्ती कृष्णमूर्ती यांनी ‘मायाबाजार’ (१९५७) मध्ये जे केले ते आजही शिकण्याजोगे आहे. कथा आपल्याकडे ‘वत्सलाहरण’ म्हणून परिचित. तेलुगूत वत्सलेची शशिरेखा होते आणि तिचे रूप घेऊन घटोत्कच लग्नघरात शिरतो. ‘अहा ना पेळ्ळंट’ या गाण्यात अभिनेत्री सावित्रीला नाजूक नवरीसारखे लाजायचे आहे आणि मध्येच भान सुटून राक्षसासारखे ताठ उभे राहायचे, मिशीला पीळ भरायच्या थाटात हात न्यायचा आणि दचकून पुन्हा नवरी व्हायचे आहे. पुरुषाने स्त्री होण्याची विद्या जिथे पिढ्यान्‌पिढ्या घोटली गेली, तिथल्या माणसाने एका नटीला स्त्रीरूपातला पुरुष शिकवला. हे गाणे इतके जमून आले याचे एक कारण मला यातच दिसते.

त्याच गावचे वेम्पटी पेद्द सत्यम चित्रपटांत रमले. त्यांच्या मागोमाग मद्रासला आलेल्या वेम्पटी चिन्न सत्यम (१९२९–२०१२) यांनीही काही काळ चित्रपटांत काम केले. पण १९६३ मध्ये त्यांनी कुचिपुडी आर्ट अकादमी काढली आणि मंचीय नृत्याकडे वळले.

त्या काळापर्यंत पडद्यावर नाचायचे ते मुख्यतः नायिकेने. नायक झाडाला टेकून गाणे म्हणे. नायकाला नाचते करण्याचे श्रेय सामान्यतः अक्किनेनी नागेश्वर राव यांना देतात. ‘दसरा बुल्लोडु’ (१९७१) पर्यंत नायकाच्या नाचाला टाळ्या-शिट्ट्या पडू लागल्या होत्या. चिरंजीवी आल्यावर तर नाच हीच नायकाची परीक्षा ठरली; ‘पसिवाडि प्राणम’ (१९८७) मधल्या ब्रेकडान्सची आठवण तेलुगू प्रेक्षक अजून काढतात. मास्टरच्या कामाचे स्वरूप इथे पालटले. पूर्वी तो नर्तकीला अभिनय शिकवणारा गुरू होता. आता तो नायकाच्या अंगकाठीला शोभेल असा कपडा बेतणारा शिंपी झाला. कोणाचे पाय चपळ, कोणाचे खांदे बोलके, कोणाचे गुडघे आता उडी मारू देत नाहीत, हे ओळखल्याशिवाय त्याचा निभाव लागत नाही.

शिवाय तेलुगूत एकेका गाण्याची ओळख एकाच ‘स्टेप’वर ठरते. ‘इंद्र’ (२००२) मधील ‘दायी दायी दाम्मा’ या गाण्यात चिरंजीवी हवेत वीणा वाजवल्यासारखे हात धरून पाय सरकवतात. आंध्र-तेलंगणात ‘वीणा स्टेप’ म्हटले की लहान मूलही ती करून दाखवते. ती बसवली राघव लॉरेन्स यांनी, पण लोकांच्या तोंडी ती चिरंजीवींची. या धंद्याचे खरे दुखणे हे आहे : स्टेप गाजली की ती नटाची होते, पडली की मास्टरची.

लॉरेन्स यांची वाटचाल या क्षेत्रातल्या कारकिर्दीचा उत्तम नमुना म्हणावी लागेल. मद्रासमध्ये ते एका फाइटमास्टरची गाडी पुसत. त्यांचा नाच पाहून रजनीकांत यांनी त्यांना नर्तकांच्या संघटनेत प्रवेश मिळवून दिला. गटात नाचता नाचता ते मास्टर झाले आणि ‘हिटलर’ (१९९७) मध्ये चिरंजीवींनी दिलेल्या संधीमुळे तेलुगूत त्यांचे बस्तान बसले. ‘मास’ (२००४) पासून ते दिग्दर्शकही झाले. या कहाणीतला संघटनेचा धागा महत्त्वाचा. सदस्यत्वाच्या कार्डाशिवाय गटात उभे राहता येत नाही. मागच्या रांगेतला नर्तक, पुढच्या रांगेतला, मग एखाद्या मास्टरचा असिस्टंट, आणि नशीब असेल तर मास्टर, अशी ही उतरंड. असिस्टंट म्हणून दहा वर्षे काढणारे पुष्कळ. चित्रसृष्टी मद्रासहून हैदराबादला आल्यावर तिथे वेगळी संघटना उभी राहिली. तरी कामासाठी मास्टर लोकांची ये-जा दोन्ही शहरांत चालूच असते.

दुसरा दरवाजा घराण्याचा. म्हैसूरकडचे मुगूर सुंदर आणि त्यांचे तिन्ही मुलगे, राजू सुंदरम, प्रभुदेवा व नागेंद्र प्रसाद, दक्षिणेतल्या सगळ्याच भाषांत नाचले आणि नाचवले. २००९ पासून ईटीव्हीवरील ‘ढी’ या स्पर्धेने तिसरा दरवाजा उघडला. जिल्ह्याच्या गावातली मुले तिथे दिसू लागली, आणि परीक्षकाच्या खुर्चीमुळे शेखर मास्टरसारख्यांचा चेहरा घरोघरी पोहोचला.

काम कसे चालते? आधी ध्वनिमुद्रित गाणे हाती येते. पल्लवी म्हणजे आपले ध्रुवपद, चरणम म्हणजे कडवे. मधल्या नुसत्या वाद्यांच्या तुकड्याला सगळे ‘बीजीएम’ म्हणतात आणि गटाचा नाच तिथेच फुलतो. मास्टर असिस्टंटांना घेऊन हॉलमध्ये आठ-आठ मात्रांच्या ‘काउंट’वर रचना करतो, तिचे चित्रीकरण दिग्दर्शकाला दाखवतो, मग नटाची तालीम. सेटवर मास्टर माइकवरून काउंट ओरडत असतो आणि कॅमेरामनला चौकट सांगत असतो. गाण्यापुरता तोच दिग्दर्शक. खरा दिग्दर्शक मॉनिटरमागे बसून पाहतो. म्हणूनच या वाटेने दिग्दर्शक होणे तितकेसे अवघड जात नाही. अवघड जाते ते गाणी सोडून उरलेले दोन तास.

बाहेरच्यांनाही तेलुगूने आपले मानले. कथ्थकचे गोपीकृष्ण यांनी ‘सागर संगमम’ (१९८३) साठी काम केले. सरोज खान यांना ‘चूडालनि उंदि’ (१९९८) साठी आंध्र प्रदेश सरकारचा नंदी पुरस्कार मिळाला. ‘पुष्पा’ (२०२१) मधील ‘ऊ अंटावा’ मुंबईच्या गणेश आचार्य यांचे.

‘आरआरआर’ (२०२२) मधील ‘नाटू नाटू’ हा या सगळ्याचा कळस. ऑगस्ट २०२१ मध्ये कीवच्या मारिइन्स्की राजवाड्यासमोर ते चित्रित झाले. ज्युनिअर एनटीआर आणि रामचरण या तोलामोलाच्या दोन नर्तक-नटांचा प्रत्येक ठोका एकाच क्षणी पडला पाहिजे, आणि दोघांतला कोणी उणा दिसता कामा नये, अशी दुहेरी अट नृत्यदिग्दर्शक प्रेम रक्षित यांच्यापुढे होती. गळ्यात हात टाकून पाय झटकण्याची ती स्टेप अनेक पर्याय बाजूला सारून ठरली. मार्च २०२३ मध्ये गाण्याला ऑस्कर मिळाले, संगीतकार एम. एम. कीरवाणी आणि गीतकार चंद्रबोस मंचावर गेले. नृत्यदिग्दर्शनाला ऑस्करमध्ये विभागच नाही; होता तो १९३० च्या दशकात, जेमतेम तीन वर्षे. सोहळ्यात जो नाच झाला तोही अमेरिकी नृत्यदिग्दर्शकांनी बसवलेला होता. गंमत म्हणजे चंद्रबोस यांच्या पत्नी सुचित्रा याही नृत्यदिग्दर्शिकाच.

टीकाही कमी नाही. नायिकेच्या अंगाशी लगट करणाऱ्या, ओंगळ म्हणाव्यात अशा स्टेप अलीकडे वाढल्या. मार्च २०२५ मध्ये तेलंगण राज्य महिला आयोगाने याबाबत चित्रपटसृष्टीला ताकीदवजा सूचना काढली. ‘नटाने मागितले, निर्मात्याला हवे होते’ हे उत्तर ठरलेले असते. ते अगदी खोटे नाही; पण काउंट देणारा माणूस इतका हतबल असतो हेही पटत नाही.

नृत्यदिग्दर्शनाच्या राष्ट्रीय पुरस्काराने तेलुगूला उशिरा हात दिला. शिवशंकर मास्टर (१९४८–२०२१) यांना ‘मगधीरा’ (२००९) मधील ‘धीर धीर धीर’साठी तो मिळाला. लहानपणी मणक्याला झालेल्या दुखापतीमुळे हा माणूस वर्षानुवर्षे अंथरुणाला खिळून होता. राजू सुंदरम यांना तो ‘जनता गॅरेज’ (२०१६) साठी मिळाला. त्यानंतर ६७, ६८ आणि ६९ व्या पुरस्कारांत सलग तीनदा तो तेलुगूकडेच आला : ‘महर्षी’साठी पुन्हा राजू सुंदरम, ‘नाट्यम’साठी संध्या राजू आणि ‘आरआरआर’साठी प्रेम रक्षित. यांतल्या संध्या राजू फिल्मी गटातून आलेल्या नाहीत. त्या कुचिपुडी नर्तकी आहेत, वेम्पटी चिन्न सत्यम यांच्या शिष्या.