रस्त्याची तक्रार (मराठवाडा)

खड्डा, खचलेली साइडपट्टी, वाहून गेलेली मोरी, वळणावर वाढलेली वेडी बाभूळ, आडवे पडलेले झाड किंवा अडवलेला शेतरस्ता अशा अडचणींसाठी रस्ता ज्यांच्या ताब्यात आहे त्या यंत्रणेकडे केलेली मागणी म्हणजे रस्त्याची तक्रार. छत्रपती संभाजीनगर, जालना, परभणी, हिंगोली, नांदेड, लातूर, धाराशिव आणि बीड या आठ जिल्ह्यांतले रस्ते एका खात्याचे नाहीत. तालुक्याच्या गावाहून वाडीवर जाताना वीस किलोमीटरांत तीन कार्यालयांची हद्द लागते. तक्रारी अडतात त्या बहुतेक इथेच. अर्ज चुकीच्या टेबलावर पडतो आणि ‘हा रस्ता आमच्या अखत्यारीत येत नाही’ एवढे एका ओळीचे उत्तर महिनाभराने हाती येते. म्हणून पहिला प्रश्न ‘तक्रार कुठे करायची’ हा नसून ‘रस्ता कोणाचा’ हा आहे.

रस्ता कोणाचा

राष्ट्रीय महामार्ग केंद्राचे आहेत, पण त्यांची देखभाल दोघांकडे वाटलेली आहे. काही भाग भारतीय राष्ट्रीय राजमार्ग प्राधिकरणाकडे आहेत, तर काही राज्याच्या सार्वजनिक बांधकाम विभागातील खास राष्ट्रीय महामार्ग विभागांकडे. धुळ्याहून कन्नड घाट चढून छत्रपती संभाजीनगर, बीड, धाराशिवमार्गे सोलापूरकडे जाणारा ५२, तुळजापूर–लातूर–नांदेडमार्गे विदर्भात जाणारा ३६१, अकोल्याहून हिंगोली, नांदेड, देगलूरवरून तेलंगणात उतरणारा १६१ आणि नळदुर्ग, उमरग्यावरून हैदराबादला जाणारा ६५ हे मराठवाड्यातले मोठे महामार्ग. हे क्रमांक २०१० मध्ये बदलले. जुन्या कागदांत ५२ च्या जागी २११ सापडतो. तक्रारीत जुना आणि नवा दोन्ही क्रमांक लिहावेत. एका क्रमांकाचा सबंध रस्ता एकाच यंत्रणेकडे असतो असेही धरून चालू नये.

समृद्धी महामार्ग मराठवाड्यात जालना आणि छत्रपती संभाजीनगर या दोन जिल्ह्यांतून जातो. तो महाराष्ट्र राज्य रस्ते विकास महामंडळाचा आहे, त्यामुळे त्याची तक्रार बांधकाम खात्याकडे नेऊन उपयोग नाही.

प्रमुख राज्य महामार्ग, राज्य महामार्ग आणि प्रमुख जिल्हा मार्ग (कागदावर ‘प्रजिमा’) सर्वसाधारणपणे सार्वजनिक बांधकाम विभागाकडे असतात. इतर जिल्हा मार्ग (‘इजिमा’) आणि ग्रामीण मार्ग (‘ग्रामा’) जिल्हा परिषदेच्या बांधकाम विभागाकडे जातात. दोन्ही ठिकाणी कार्यकारी अभियंता असतो आणि पुष्कळदा दोघांच्या पाटीवर ‘बांधकाम विभाग’ हेच शब्द असतात, म्हणून लोक गोंधळतात. अर्जाच्या मायन्यात ‘सार्वजनिक बांधकाम विभाग’ की ‘जिल्हा परिषद’ हे स्पष्ट लिहिले की हा गोंधळ टळतो. प्रधानमंत्री ग्रामसडक योजनेचे रस्ते तिसऱ्याच यंत्रणेकडे असतात. त्यांची देखभाल काम पूर्ण झाल्यावर पाच वर्षे गुत्तेदाराने करायची असते. गावाच्या टोकाला उभ्या फलकावर काम पूर्ण झाल्याची तारीख दिलेली असते. ती पाहून पाच वर्षे मोजावीत.

शहरातला रस्ता महापालिकेचा किंवा नगरपरिषदेचा. गावातून जाणारा जुना राज्यमार्ग बाह्यवळण झाल्यावर नगरपरिषदेकडे हस्तांतरित झाला की नाही, हा मात्र नेहमीचा वाद आहे. अशा रस्त्याचा अर्ज दोन्ही कार्यालयांना एकाच तारखेला द्यावा आणि प्रत्येकावर दुसऱ्याला प्रत दिल्याची नोंद करावी.

आरटीओ आणि एसटी आगार यांचा रस्त्याच्या डागडुजीशी संबंध नाही. एमएच-२० ते एमएच-२६, हिंगोलीची एमएच-३८, अंबाजोगाईची एमएच-४४ अशी मराठवाड्यातली परिवहन कार्यालये परवाना, नोंदणी, फिटनेस आणि कर पाहतात. बस खड्ड्यात अडकली तरी खड्डा आगाराचा होत नाही. आगारप्रमुखाने ‘या रस्त्यावर बस चालवणे धोक्याचे आहे’ असे लिहून दिले तर मात्र तक्रारीला चांगले बळ येते. शाळकरी मुलींची बस बंद पडलेल्या गावांनी हा कागद आवर्जून मिळवावा.

दगड वाचणे

रस्त्याची ओळख कडेच्या किलोमीटरच्या दगडावर असते. दगडाचा माथा पिवळा असेल तर राष्ट्रीय महामार्ग, हिरवा असेल तर राज्य महामार्ग, काळा किंवा निळा असेल तर जिल्हा मार्ग आणि नारिंगी असेल तर ग्रामीण रस्ता. रंग उडालेले आणि जुन्या दर्जाचे दगड पुष्कळ आहेत, म्हणून रंगावरून अंदाज बांधावा आणि क्रमांकावरून खात्री करावी. दोन मोठ्या दगडांच्या मध्ये दर २०० मीटरला लहान दगड असतो. त्यावर २, ४, ६, ८ असे आकडे असतात. २४ च्या दगडानंतर ४ चा लहान दगड आला की ती जागा किमी २४/४००. अभियंत्याच्या नोंदी, अंदाजपत्रक आणि मोजमाप पुस्तिका याच भाषेत लिहिलेल्या असतात. ‘मारुतीच्या देवळाजवळ मोठा खड्डा’ असे लिहिले तर शाखा अभियंत्याला जागा शोधावी लागते. ‘किमी २४/२०० ते २४/६००, डावी बाजू’ असे लिहिले तर ती जागा त्याच्या वहीत आधीच असते. डावी-उजवी बाजू किलोमीटर वाढत जातो त्या दिशेला तोंड करून ठरवतात.

अर्ज

चांगला अर्ज एका पानाचा असतो. रस्त्याचे नाव आणि क्रमांक, किलोमीटर, दोष काय आणि किती, धोका कोणाला, काय हवे आणि फोटो, एवढे त्यात पुरते. ‘रस्त्याची अवस्था अत्यंत बिकट आहे’ यापेक्षा ‘साइडपट्टी डांबराच्या कडेपासून एक फूट खाली गेली आहे, उसाची ट्रॉली समोरून आली की दुचाकी खाली उतरून घसरते’ हे वाक्य जास्त काम करते. आकडा टेपने मोजून लिहावा. फोटोत खड्ड्याशेजारी पट्टी किंवा बॅटरीचा सेल ठेवला की खोली कळते, आणि एका फोटोत किलोमीटरचा दगड आलाच पाहिजे.

अर्ज उपविभागीय अभियंत्याच्या नावे करून कार्यकारी अभियंत्याला प्रत द्यावी. गावाचा रोजचा संबंध शाखा अभियंत्याशी येतो, पण निधी आणि निविदा कार्यकारी अभियंत्याकडे असतात. त्याच्यावर अधीक्षक अभियंता आणि मुख्य अभियंता. आवक विभागात दोन प्रती द्याव्यात आणि एकीवर शिक्का, तारीख व आवक क्रमांक घ्यावा. पोच नसलेला अर्ज पुढच्या कोणत्याही पायरीवर उभा राहत नाही. शिक्का मारायला टाळाटाळ झाली तर नोंदणीकृत टपालाने पाठवावा.

ऑनलाइन वाटाही आहेत. सार्वजनिक बांधकाम विभागाच्या रस्त्यांवरील खड्ड्यांसाठी पीसीआरएस, राष्ट्रीय महामार्गांसाठी राजमार्गयात्रा आणि ग्रामसडक योजनेसाठी मेरी सडक ही मोबाइल ॲप्स आहेत. फोटो जागेवरूनच काढावा, कारण ठिकाण फोटोसोबत नोंदले जाते. घरी येऊन जुना फोटो चढवला की तक्रार भलत्याच रस्त्यावर नोंदली जाते. राज्याच्या ‘आपले सरकार’ संकेतस्थळावरही तक्रार करता येते. तिथे खाते निवडताना ग्रामीण रस्त्यासाठी ग्रामविकास आणि राज्यमार्गासाठी सार्वजनिक बांधकाम हा फरक लक्षात ठेवावा.

खड्डा पुन्हा का पडतो

मराठवाड्याचा बराच भाग काळ्या मातीचा आहे. ही माती पाण्याने फुगते आणि उन्हाने भेगाळते. तिच्यावर पुरेसा मुरूम आणि खडीचा पाया नसेल तर वरचे डांबर कितीही चांगले असो, तळ हलतो. त्यात साइडपट्टी रस्त्यापेक्षा उंच झालेली असते, गटार बुजलेले असते किंवा शेतकऱ्याने बांध घालताना नाला वळवलेला असतो. पाणी डांबराच्या कडेने आत शिरते आणि गळीत हंगामात भरलेल्या ट्रॉल्या त्यावरून गेल्या की पहिला खड्डा पडतो. म्हणून अर्जात खड्डा बुजवण्याबरोबर पाणी काढण्याची मागणी असावी. गटार मोकळे न करता बुजवलेला खड्डा पुढच्या पावसात त्याच जागी उघडतो.

पावसाळ्यात खडी-मुरूम टाकून खड्डा भरतात. ती तात्पुरती सोय असते, कारण ओल्या खड्ड्यात गरम डांबरमिश्रित खडी धरत नाही. पाऊस उघडल्यावर खरे काम व्हायला हवे. ते कसे दिसते हे गावकऱ्यांनी उभे राहून पाहावे. खड्ड्याच्या कडा चौकोनी आणि उभ्या कापलेल्या असाव्यात, आतली सैल खडी आणि धूळ झाडून काढावी, तळाला व कडांना डांबराचा पातळ हात द्यावा, मिश्रण गरम असतानाच टाकून रोलरने दाबावे. गोल खड्ड्यात फावड्याने माल ओतून टिपरच्या चाकाने दाबलेला पॅच काही आठवड्यांत उखडतो. असे काम चालू दिसले तर तेव्हाच फोटो काढून उपविभागाला कळवावे. बिल निघाल्यावर बोलणे कठीण जाते.

नव्या कामावर दोषदायित्व कालावधी असतो. या मुदतीत झालेली खराबी गुत्तेदाराने स्वखर्चाने दुरुस्त करायची असते, म्हणून ‘निधी नाही’ हे उत्तर तिथे लागू पडत नाही. मुदत किती हे कामाच्या करारावर ठरते. फलकावर नसेल तर माहितीच्या अधिकारात विचारावी. महाराष्ट्रात अर्जाला १० रुपये शुल्क लागते, विषय एकच आणि मजकूर साधारण १५० शब्दांत असावा लागतो. कार्यारंभ आदेश, काम पूर्ण झाल्याची तारीख, दोषदायित्व कालावधी आणि गुत्तेदाराला दिलेल्या नोटिसा, एवढेच मागावे. उत्तराची मुदत ३० दिवस.

गतिरोधक

गतिरोधक ग्रामपंचायतीने ठराव करून मिळत नाही आणि स्वतः मातीचा ढीग घालणे तर जीवघेणे आहे. मागणी जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील रस्ता सुरक्षा समितीकडे जाते. भारतीय रस्ते काँग्रेसच्या मापानुसार गोलाकार गतिरोधक ३.७ मीटर रुंद आणि मध्यभागी १० सेंटिमीटर उंच असतो. त्याआधी सूचनाफलक आणि त्यावर पांढरे पट्टे लागतात.

शेतरस्ते

शिवरस्ते आणि पांदण रस्ते बांधकाम खात्याच्या कक्षेत येत नाहीत, तिथे तहसीलदाराकडे जावे. वहिवाटीचा रस्ता कोणी अडवला असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ च्या कलम ५ खाली दावा करतात. तो अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांत करावा लागतो, आणि ‘पेरणी झाली की पाहू’ म्हणत थांबलेल्यांची मुदत इथेच टळते. रस्ताच नसेल आणि बांधावरून नवा हवा असेल तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ चे कलम १४३. सातबारा, गटाचा नकाशा आणि लगतच्या खातेदारांची नावे अर्जासोबत जोडावीत.

तातडी, पूर आणि अपघात

राष्ट्रीय महामार्गावर १०३३ हा क्रमांक चोवीस तास चालतो. इतरत्र पोलिसांसाठी ११२ आणि रुग्णवाहिकेसाठी १०८. फरशी पुलावरून पाणी वाहू लागले किंवा पूल खचला तर जिल्हा आपत्ती नियंत्रण कक्षाला १०७७ वर कळवावे. सप्टेंबर २०२५ च्या अतिवृष्टीत मराठवाड्यातले अनेक रस्ते आणि पूल वाहून गेले. अशा वेळी पोलीस पाटलाने दोन्ही टोकांना माणूस उभा करणे कोणत्याही अर्जाआधी येते.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १९८अ नुसार रस्त्याच्या आखणी, बांधणी व देखभालीचे निकष न पाळल्यामुळे मृत्यू किंवा अपंगत्व आले तर जबाबदार यंत्रणा किंवा गुत्तेदाराला एक लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. मुंबई उच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये खड्ड्यामुळे मृत्यू झाल्यास सहा लाख आणि जखमीला दुखापतीनुसार ५० हजार ते अडीच लाख रुपये भरपाई ठरवून दिली. दाव्यासाठी गुन्ह्याची नोंद, घटनास्थळ पंचनामा, दवाखान्याचे कागद आणि त्या खड्ड्याचा फोटो लागतो. अपघात झाला की खड्डा दुसऱ्या दिवशी बुजवला जाण्याची शक्यता मोठी, म्हणून किलोमीटरच्या दगडासह फोटो त्याच दिवशी काढावा आणि पंचनाम्यात खड्ड्याची लांबी, रुंदी, खोली नोंदवून घ्यावी.