म्युझिदोरा

म्युझिदोरा : (२३ फेब्रुवारी १८८९ – ११ डिसेंबर १९५७). फ्रेंच मूकपटांतील अभिनेत्री, दिग्दर्शिका आणि लेखिका. मूळ नाव झान रोक. जन्म पॅरिसमध्ये. वडील संगीतकार आणि समाजवादी विचारांचे, तर आई स्त्रीहक्कांची पुरस्कर्ती. रंगभूमीसाठी त्यांनी तेओफील गोत्ये यांच्या एका कादंबरीतील नायिकेचे नाव घेतले.

फोली बेर्झेर या प्रसिद्ध रंगमंदिरात त्या काम करत असताना गोमाँ या चित्रपट कंपनीचे दिग्दर्शक लुई फ्यूयाद यांच्या नजरेत भरल्या. फ्यूयाद यांची ‘ले वांपीर’ ही दहा भागांची चित्रमालिका नोव्हेंबर १९१५ ते जून १९१६ या काळात, म्हणजे ऐन महायुद्धात, पॅरिसमध्ये झळकली. नाव पिशाचांचे असले तरी कथा चोर-दरोडेखोरांच्या टोळीची आहे. तिसऱ्या भागात एका कॅबरेबाहेरच्या जाहिरातीवर ‘इर्मा व्हेप’ हे गायिकेचे नाव दिसते. बघता बघता त्यातली रोमन अक्षरे जागा बदलतात आणि ‘वांपीर’ हा शब्द तयार होतो. ही इर्मा म्हणजेच म्युझिदोरा. अंगाबरोबर बसणारा काळा पोशाख, झाकलेला चेहरा, उघडे फक्त काजळ घातलेले मोठे डोळे. नायक पत्रकार आहे, पण प्रेक्षकांच्या लक्षात राहते ती हीच. टोळीचे म्होरके एकामागून एक संपतात, इर्मा मात्र शेवटच्या भागापर्यंत टिकते. गुन्हेगारीचे उदात्तीकरण होते म्हणून पोलिसांनी मालिकेचे प्रदर्शन काही काळ रोखले होते. पाठोपाठ आलेल्या ‘ज्युदेक्स’मध्येही त्यांच्या वाट्याला खलनायिकाच आली.

या काळ्या पोशाखाने त्यांचे पुढचे काम झाकून टाकले, असेच म्हणावे लागेल. जवळची मैत्रीण असलेल्या लेखिका कोलेट यांच्या कथेवर त्यांनी ‘ला फ्लाम काशे’ (१९१८) काढला. तो आता नष्ट झाला आहे. मग स्वतःची निर्मितिसंस्था उभारून त्या स्पेनकडे वळल्या. तिथे ‘पूर दॉन कार्लोस’, ‘सोलेय ए ओंब्र’ (१९२२) आणि ‘ला तिएरा दे लोस तोरोस’ (१९२४) हे चित्रपट झाले. ‘सोलेय ए ओंब्र’मध्ये स्थानिक तरुणी आणि तिच्या प्रियकराला मोहात पाडणारी परदेशी स्त्री या दोन्ही भूमिका त्यांनीच केल्या. सराईत खलनायिकेने गरीब नायिकाही तितक्याच सहजतेने उभी करावी, हे मुद्दाम पाहण्यासारखे आहे.

१९२७ मध्ये त्यांनी एका डॉक्टरांशी विवाह केला आणि पडद्यावरचे काम जवळजवळ थांबले. मात्र अतिवास्तववाद्यांना, म्हणजे स्वप्न आणि अबोध मनाला महत्त्व देणाऱ्या कलाचळवळीतील मंडळींना, त्यांचा विसर पडला नव्हता. त्यांच्यापैकी आंद्रे ब्रताँ आणि लुई आरागाँ या लेखकांनी त्यांच्यासाठी एक नाटक लिहिले. १९४० च्या दशकात त्या हांरी लांग्लवा यांच्या सिनेमातेक फ्रांसेझ या चित्रपट-संग्रहालयात काम करू लागल्या. मूकपटांच्या जमान्यातील सहकाऱ्यांच्या आठवणी गोळा करण्याचे काम त्यांनी तिथे केले.

१९७० च्या दशकात पॅरिसमधील स्त्रीवादी चित्रपटकर्मींनी आपल्या संघटनेला त्यांचे नाव दिले. १९९६ मध्ये ओलिव्हिए आसायास यांनी ‘इर्मा व्हेप’ हा चित्रपट काढला. त्यात हाँगकाँगच्या अभिनेत्री मॅगी च्युंग यांनी तोच काळा वेश चढवला.