साथीच्या सिनेमात न दिसणारी पिसू

साथीच्या सिनेमात कोणीतरी खोकतं आणि पुढच्या दृश्यात शहर ओस पडलेलं असतं. '२८ डेज लेटर'मध्ये तर लागण व्हायला काही सेकंद पुरतात. गाठीच्या प्लेगची चाल अशी नसते.

१९९४ साली बीड जिल्ह्यातल्या मामला गावात गाठीचा प्लेग निघाला. आदल्या वर्षीच्या किल्लारी भूकंपानंतर लोक धास्तीने घराबाहेर राहिले, बंद घरांतल्या धान्यावर उंदीर पोसले, असा तर्क तेव्हा मांडला गेला. उंदरावरची पिसू रक्त पिते तेव्हा प्लेगचे जिवाणू तिच्या पोटात जातात आणि जठराच्या तोंडाशी त्यांचा बोळा बसतो. रक्त आत उतरत नाही. उपाशी पिसू चावतच सुटते आणि दर चाव्याला अडकलेलं रक्त जिवाणूंसकट जखमेत ओकते. उंदीर मेला, त्याचं अंग गार पडलं, की पिसवा ऊब शोधत निघतात. दुसरा उंदीर सापडला नाही तर माणूस. मग दोन ते आठ दिवसांनी ताप, जांघेत किंवा काखेत गाठ. घरात उंदीर पडू लागले की जुनी माणसं घर सोडून रानात राहायला जात, ते यासाठीच.

त्याच सप्टेंबरात सुरतेत फुप्फुसाचा, म्हणजे खोकल्यातून पसरणारा, प्लेग आला. मृत्यू पन्नासच्या आसपास, पळालेली माणसं लाखांत. प्लेगवरचं औषध टेट्रासायक्लिन दुकानांतून गायब झालं.

सिनेमा टिपतो ती ही भीती, आणि ती दर काळाची वेगळी असते. पुण्यातल्या प्लेगच्या काळावरच्या '२२ जून १८९७' या मराठी चित्रपटात रोगापेक्षा घरात घुसणाऱ्या गोऱ्या शिपायांचा धसका मोठा आहे. १९९५ च्या 'आउटब्रेक'मध्ये सगळं गाव बॉम्बने उडवायला निघालेलं लष्कर आहे. सार्स आणि स्वाइन फ्लूनंतर आलेल्या 'कंटेजन'मध्ये इंटरनेटवरून खोटं औषध खपवणारा माणूस आहे. मला यांत 'कंटेजन' सर्वांत प्रामाणिक वाटतो. तोडलेलं झाड, वटवाघूळ, डुक्कर, आचाऱ्याचा हात ही साखळी तो दाखवतो. पण तीही अगदी शेवटच्या काही मिनिटांत.

मामल्यासारख्या गावावर सिनेमा निघावा असं मनापासून वाटतं. त्यात पेच आयताच आहे. गाव म्हणणार, आधी उंदीर मारा. आरोग्य कर्मचाऱ्याला मात्र आधी बिळांवर कीटकनाशक टाकून पिसवा माराव्या लागतात, कारण उंदीर आधी मेले तर त्यांच्या अंगावरच्या पिसवा थेट माणसांकडे वळतात.