१७ वर्षांची न बोललेली ओळख

खचाखच भरलेल्या गाडीत, खांद्याला खांदा लागलेला असतानाही एकदम एकटं वाटतं. हा हळवेपणा नव्हे. शिकागो विद्यापीठातले मानसशास्त्रज्ञ जॉन कॅसिओपो सांगत असत, की एकाकीपणा ही भूक-तहानेसारखी शरीराने दिलेली सूचना आहे. कळपाने जगणाऱ्या प्राण्याला मागे पडणं धोक्याचं, म्हणून ती टोचणी. भोवती माणसं किती, यापेक्षा हवी तशी जवळीक आहे का, यावर ती ठरते. म्हणून तर आपण होऊन घेतलेला एकांत बोचत नाही.

भुकेची ही तुलना नुसती उपमा नाही. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एमआयटी या अमेरिकी विद्यापीठातल्या प्रयोगात ४० जणांना एका दिवशी १० तास उपाशी ठेवलं आणि दुसऱ्या एका दिवशी १० तास माणसांपासून तोडलं. फोनसुद्धा काढून घेतला. मग मेंदूचं स्कॅन करताना जेवणाची आणि हसत-बोलत बसलेल्या माणसांची चित्रं दाखवली. उपाशी असताना जेवण पाहून मध्यमेंदूचा जो भाग चेतला, तोच एकटं राहिल्यावर माणसं पाहून चेतला.

मग शेजारच्याशी बोलत का नाही आपण? निकोलस एप्ली आणि जुलियाना श्रोडर या मानसशास्त्रज्ञांनी शिकागोत रोजच्या प्रवाशांवर प्रयोग केले. अनोळखी माणसाशी बोलत गेलो तर प्रवास कमी सुखाचा होईल, असा लोकांचा अंदाज होता. प्रत्यक्षात बोलत गेलेल्यांचाच प्रवास जास्त सुखाचा झाला. समोरच्याला बोलायचं नसेल, असं दोघंही धरून चालतात आणि दोघंही गप्प राहतात. मला हे फार चटका लावणारं वाटतं.

पण या गप्प राहण्यातही एक नातं असतं. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली मिलग्रॅम यांच्या विद्यार्थ्यांनी सकाळी फलाटावरच्या प्रवाशांचे फोटो काढले आणि पुढे ते त्याच प्रवाशांना दाखवले. कधीही न बोललेले सरासरी चार चेहरे प्रत्येकाने ओळखले. मिलग्रॅम त्यांना ‘ओळखीचे अनोळखी’ म्हणत. त्यांनीच एक हकिगत नोंदवली आहे. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात एक बाई रस्त्यात कोसळली. त्याच रस्त्यावर राहणारी दुसरी एक बाई तिला १७ वर्षं येता-जाता बघत होती, बोलणं एकदाही झालेलं नव्हतं. तिने ॲम्ब्युलन्स बोलावली, सोबत रुग्णालयात गेली, तिच्या सामानावरही लक्ष ठेवलं. नंतर तिने सांगितलं, की इतकी वर्षं एकमेकींना बघत आल्यामुळे तिची जबाबदारी आपलीच वाटली.