फिरत्या चित्रांच्या सावल्या : नलिनी मलानी यांच्या कलेमागचा इतिहास

छताला टांगलेली, मायलर या पारदर्शक प्लॅस्टिकची मोठी नळकांडी, आतल्या बाजूनं रंगवलेली. मोटरवर ती संथ फिरतात, प्रोजेक्टरचा झोत त्यांतून आरपार जातो आणि चित्रांच्या सावल्या भिंतींवरून सरकत राहतात. चित्रकार नलिनी मलानी यांच्या छायाखेळांची मांडणी साधारण अशी असते. २०१२ साली जर्मनीतल्या कासेलच्या 'डॉक्युमेंटा' या समकालीन कलेच्या प्रदर्शनात त्यांचं असंच काम होतं, पाच नळकांड्यांचं. परदेशात गाजलं म्हणून हे सगळं तिकडूनच आलं, असं आपल्याकडे सर्रास बोललं जातं. मला ते मुळीच पटत नाही.

सावलीतून गोष्ट सांगणं कोकणाला जुनंच आहे. कुडाळजवळच्या पिंगुळीतले ठाकर कलावंत चामड्याच्या बाहुल्या पडद्यामागे, दिव्याच्या उजेडात नाचवत आले. कल्याणच्या महादेव पटवर्धनांनी १८९२ मध्ये 'शांबरिक खरोलिका' सुरू केली : काचेवर हातानं रंगवलेली चित्रं, मागे दिवा, पुढे भिंग, जोडीला संवाद आणि गाणी. म्हणजे १८९६ च्या जुलैत मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचा चलचित्रांचा खेळ लागला, त्याआधीच इथे पडद्यावर आख्यानं रंगत होती.

मलानींचा स्वतःचा रस्ता मात्र मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतून निघतो. जन्म १९४६ चा, कराचीतला. फाळणीनं कुटुंब उखडलं, आधी कलकत्ता, मग मुंबई. १९६९ मध्ये चित्रकार अकबर पदमसींनी आपल्या फेलोशिपच्या पैशातून 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' उभं केलं. चित्रकारांनी कॅमेरा हाताळावा, फिल्म करून बघावी, यासाठीची ही जागा. जे. जे. मधून नुकत्याच बाहेर पडलेल्या मलानींनी तिथे फिल्म केल्या आणि फोटोग्रामही. फोटोग्रामला कॅमेरा लागतच नाही. अंधाऱ्या खोलीत फोटोच्या कागदावर वस्तू ठेवायची, क्षणभर उजेड पाडायचा. कागद धुतला की भोवताल काळा होतो आणि वस्तूची सावली पांढरी उमटते. त्यांच्या पुढच्या सगळ्या कामाचं बीज मला इथे दिसतं.

उलट्या बाजूनं चित्र रंगवायची जुनी रीत त्यांनी चित्रकार भूपेन खख्खर यांच्याकडून घेतली. पुढे चौकट सुटली. १९९२ मध्ये त्यांनी मुंबईतल्या केमोल्ड गॅलरीच्या भिंतींवरच चित्रं काढली आणि प्रदर्शन संपल्यावर ती पुसली गेली. विकायला काही उरलं नाही, आणि मुंबईच्या कलाबाजारात ते फार धाडसाचं होतं. १९९३ मध्ये अभिनेत्री अलकनंदा समर्थ यांच्यासोबत ग्रीक पुराणकथेतल्या 'मीडिया' या स्त्रीवरचा नाट्यप्रयोग केला. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतर मंटोच्या 'टोबा टेकसिंग' या फाळणीवरच्या कथेवर व्हिडिओ इन्स्टॉलेशन, म्हणजे व्हिडिओंची मांडणी, आलं.

उलटं रंगवलेलं चित्र, रंगमंच आणि व्हिडिओ हे सगळे धागे २००१ च्या 'ट्रान्सग्रेशन्स' या छायाखेळात एकत्र आले. खरोलिकेचा प्रेक्षक अंधारात बसून बघायचा. इथे तो मांडणीच्या मध्ये वावरतो आणि झोताच्या वाटेत आला की त्याचीही सावली भिंतीवर पडते. फाळणी, युद्ध, बायकांवरची हिंसा हे मलानींचे विषय. त्या चित्रांत बघणाऱ्यालाही उभं करायला त्यांना हेच माध्यम हवं होतं, असं मला वाटतं.