२५८ किलोंमागचे इन्सुलिन

बीजिंग, १९ ऑगस्ट २००८. ऑलिंपिक वेटलिफ्टिंगच्या १०५ किलोंवरील गटात रशियाच्या येवगेनी चिगिशेवची दोन्ही प्रकारांची मिळून बेरीज ४६० किलोंवर थांबली होती. जर्मनीचा मथियास श्टायनर स्नॅचमध्ये, म्हणजे एकाच झटक्यात वजन डोक्यावर नेण्याच्या प्रकारात, २०३ किलो उचलून त्याच्या सात किलो मागे होता. क्लीन अँड जर्कचा (वजन आधी खांद्यांवर, मग डोक्यावर) पहिला प्रयत्न, २४६ किलोंचा, फसला. दुसऱ्यात २४८ जमले. आता सुवर्ण हवे तर एकदम दहा किलो वाढवावे लागणार होते. बरोबरीही पुरणार नव्हती, कारण तेव्हाच्या नियमानुसार समान बेरीज झाल्यास हलक्या खेळाडूला वरचा क्रमांक मिळे आणि चिगिशेव पुष्कळ हलका होता. श्टायनरने २५८ किलो मागितले आणि उचलले. बेरीज ४६१.

पदक घेताना त्याच्या हातात पत्नी सुझानचा फोटो होता. २००७ मध्ये ती मोटार अपघातात गेली होती. तो क्षण जगाच्या लक्षात राहिला आणि राहायलाच हवा. पण या माणसाच्या कारकिर्दीत आणखी एक विलक्षण गोष्ट आहे आणि तिची चर्चा फारच कमी होते. अठराव्या वर्षापासून त्याला टाइप १ मधुमेह आहे.

या आजारात शरीराची प्रतिकारयंत्रणाच स्वादुपिंडातल्या इन्सुलिन बनवणाऱ्या पेशी नष्ट करते. इन्सुलिन म्हटले की आपल्याला फक्त रक्तातली साखर आठवते. प्रत्यक्षात ते स्नायूंचेही राखणदार आहे. त्याच्यामुळे पेशी अमिनो आम्ले, म्हणजे प्रथिनांचे घटक, आत घेतात आणि स्नायूंची झीज रोखली जाते. म्हणूनच उपचार न झालेला टाइप १ चा रुग्ण भरपूर खाऊनही वाळत जातो. श्टायनरने मात्र याच आजारासह सुमारे १४५ किलोंचे शरीर घडवले. एवढ्या वजनासाठी जो अवाढव्य आहार लागतो, त्यातल्या प्रत्येक जेवणाला इन्सुलिनचा हिशेब जोडलेला. स्नायू वाढवण्यासाठी गैरवापर होतो म्हणून खेळांत इन्सुलिनवर बंदी आहे. मधुमेही खेळाडूंना वैद्यकीय कारणासाठी वेगळी परवानगी घ्यावी लागते.

आता त्या २५८ किलोंचे गणित पाहू. बार्बेल (वजने लावलेला दांडा) जमिनीपासून डोक्यावर, साधारण दोन मीटर उचलला, तर काम होते सुमारे ५,००० ज्यूल, म्हणजे जेमतेम १.२ किलोकॅलरी. स्नायूंची कार्यक्षमता वीस-पंचवीस टक्के धरली तरी खर्च पाच-सहा किलोकॅलरींचा. ग्लुकोज बिस्किटाचा एक तुकडा पुरे! अडचण ऊर्जेच्या साठ्याची नसते, ती किती झपाट्याने बाहेर काढता येते याची असते. त्या काही सेकंदांत स्नायू मुख्यतः आधीच साठवलेले एटीपी आणि फॉस्फोक्रिएटिन ही झटपट ऊर्जा देणारी रसायने वापरतात. रक्तातली साखर जाळायला तेव्हा सवड नसते.

मग मधुमेह आड कुठे येतो? उचलण्याच्या आधी आणि नंतर. स्पर्धेच्या ताणाने अॅड्रिनॅलिन उसळते, यकृत साखर रक्तात सोडते आणि निरोगी माणसात ती आवरायला धावून येणारे इन्सुलिन इथे नसते. साखर चढते. उलट जड सरावानंतर रिकामे झालेले स्नायू कित्येक तास साखर ओढत राहतात आणि रात्री झोपेत ती धोकादायक पातळीपर्यंत घसरू शकते. एकाच दिवसात दोन्ही टोके सांभाळायची आणि पुन्हा दुसऱ्या दिवशी बारखाली उभे राहायचे! मला तर यातली शिस्त त्या २५८ किलोंपेक्षा कमी वाटत नाही.

श्टायनरचा जन्म व्हिएन्नाचा. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये तो ऑस्ट्रियाकडून सातवा आला होता. पुढे तिथल्या वेटलिफ्टिंग महासंघाशी बिनसले आणि २००८ च्या सुरुवातीला त्याला जर्मन नागरिकत्व मिळाले.

२०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये स्नॅचच्या १९६ किलोंचा बार्बेल त्याच्या मानेवर कोसळला. स्नॅचमध्ये बार एकाच झटक्यात डोक्यावर जातो. तो खांद्यांच्या रेषेपेक्षा थोडा मागे गेला, की हातांच्या ताकदीने सावरणे जवळजवळ अशक्य. एरवी खेळाडू पुढे निसटतो आणि बार पाठीमागे पडतो. श्टायनरला तेवढा वेळ मिळाला नाही. सुदैवाने जीवघेणी इजा झाली नाही, पण स्पर्धा तिथेच सुटली. २०१३ मध्ये त्याने निवृत्ती घेतली आणि नंतर सुमारे ४५ किलो वजन उतरवले. वजन घटले की इन्सुलिनची गरज सहसा कमी होते. टाइप १ मध्ये ती शून्यावर मात्र कधीच येत नाही.